गोल केलेलं रीडिंग

आमच्या घरी रविवार गुरुवारी यायचा. वडील पिंपरीतल्या एका कारखान्यात टर्नर होते आणि पिंपरी-भोसरीच्या पट्ट्यात पुष्कळ कारखान्यांची साप्ताहिक सुट्टी गुरुवारी असते. विजेचा भार सांभाळता यावा म्हणून वेगवेगळ्या भागांना वेगवेगळे वार वाटून दिलेले, आमच्या वाट्याला गुरुवार आला. शाळेची सुट्टी मात्र रविवारी. त्यात गुरुवार दत्ताचा वार, म्हणून मटण रविवारीच शिजायचं आणि वडिलांच्या वाटणीचं पातेल्यात झाकून ठेवलेलं असायचं. फर्स्ट शिफ्ट करून ते चारच्या सुमाराला घरी यायचे आणि एकटेच जेवायला बसायचे. मी समोर बसून बघत राहायचो.

पाळी दर आठवड्याला बदलायची. थर्ड शिफ्टच्या आठवड्यात आकुर्डीच्या आमच्या दोन खोल्यांत रात्र सकाळी आठला सुरू व्हायची. आई खिडकीला जाड चादर लावायची, दुपारपर्यंत कुकर लावायची नाही आणि आम्हा भावंडांना भांडायचं असेल तर जिन्यात जाऊन भांडावं लागायचं. वेळ सरकवता येतो, वाटून देता येतो, दिवसाची रात्र करता येते, हे मला घड्याळ वाचता येण्याआधीच कळलं होतं.

पुढे शाळेत असताना जयंत नारळीकरांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ ही कथा वाचली. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत एका अपघातानंतर अशा जगात पोचतात, जिथे 1761 ची पानिपतची लढाई मराठ्यांनी जिंकलेली आहे. त्या कथेनं मी इतका भारावलो की मोठेपणी काळाचा अभ्यास करायचा, असं मनाशी ठरवून टाकलं. पुढे मेकॅनिकलचा डिप्लोमा केला आणि 1996 साली भोसरी एमआयडीसीतल्या एका प्रेस शॉपमध्ये ट्रेनी म्हणून लागलो. खातं होतं इंडस्ट्रियल इंजिनिअरिंग, शॉपमधल्या भाषेत ‘आयई’. खातं म्हणजे एक टेबल, एक सीनिअर, मी आणि एक स्टॉपवॉच. काळाच्या अभ्यासाला मी लागलो तो असा.

त्या स्टॉपवॉचची डायल साधी नव्हती. एका मिनिटाचे 60 ऐवजी 100 भाग केलेले, म्हणजे बेरीज-वजाबाकी दशांशात करता यावी. लाकडी पॅडच्या वरच्या कोपऱ्यात ते घड्याळ अडकवायचं, खाली तक्ता लावायचा आणि ऑपरेटरच्या शेजारी, त्याला दिसेल असं उभं राहायचं. काम आधी तुकड्यांत मोडायचं: पार्ट उचलला, डायमध्ये ठेवला, दोन्ही हातांनी बटणं दाबली, पार्ट काढला, बिनमध्ये टाकला. प्रत्येक तुकड्याचं रीडिंग घ्यायचं, असं वीस-तीस वेळा. मग रेटिंग लावायचं, म्हणजे माणूस नेहमीच्या वेगानं करतोय, रेंगाळतोय की घाई करतोय ते ठरवायचं. सपाट जागेवर, ओझं न घेता ताशी 4 मैल चालणारा माणूस म्हणजे 100, असं आम्हाला शिकवलं होतं. शेवटी विश्रांतीचे टक्के मिळवायचे. जो आकडा हाती येतो तो स्टँडर्ड टाइम. त्या एका आकड्यावर किती माणसं लावायची, मालाची किंमत किती सांगायची, युनियनशी करार करताना किती उत्पादन मागायचं, हे सगळं उभं राहतं.

याहून बारीक मोजमापही आहे. हात लांबवणं, पकडणं, वळणं, वाकणं अशा हालचालींचे वेळ आधीच ठरवून दिलेले तक्ते असतात. त्यांचं एकक आहे टीएमयू, तासाचा एक लाखावा भाग, म्हणजे 0.036 सेकंद. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला आजोबांनी पाठ करून घेतलेलं कोष्टक आठवलं: 60 विपळांचं एक पळ, 60 पळांची एक घटका, 60 घटकांचा एक दिवस. हिशेब मांडला तर विपळ येतं 0.4 सेकंदाचं, म्हणजे सुमारे 11 टीएमयू. इतका बारीक काळ आपल्या जुन्या माणसांनी ग्रहगणितासाठी मोजला. रोजच्या कामाला त्यांचं घटिकापात्र होतं, तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी, पाण्यावर सोडली की एका घटकेत भरून बुडणारी. लग्नघरी ती वाटी बुडाली की लोकांना कळायचं, घटका भरली. आम्ही त्याहून बारीक काळ कामगाराच्या मनगटाला लावतो. हा फरक मला नीट समजायला पुढे बारा-तेरा वर्षं लागली.

पहिल्याच आठवड्यात सीनिअर साहेबांनी एक गोष्ट बजावली. “घड्याळ कधी लपवून धरायचं नाही. ज्याचा वेळ घेतोस त्याला घड्याळ दिसलं पाहिजे.” तेव्हा मला ती शिष्टाचाराची गोष्ट वाटली. पुढे वाचनात आलं की अमेरिकेत वॉटरटाउनच्या सरकारी शस्त्रकारखान्यात 1911 साली फ्रेडरिक टेलरच्या पद्धतीनं स्टॉपवॉच लावलं, तेव्हा ओतकाम करणाऱ्या कामगारांनी संप केला होता. चौकशी झाली, आणि पुढे सरकारी खर्चाच्या कायद्यातच अशा घड्याळी मोजमापावर बंदी आली. लोखंड ओतणारी ती माणसं कष्टाला भिणारी नव्हती. आपल्या हाताचा वेळ दुसऱ्याच्या वहीत जातो आणि तिथून हुकूम होऊन परत येतो, याला त्यांचा विरोध होता. भोसरीत माझ्यासमोर कुणी संप केला नाही. पण मी पॅड घेऊन शेजारी उभा राहिलो की हात हळू व्हायचे, गप्पा बंद व्हायच्या आणि मागून कुणीतरी बोलायचं, “घड्याळवाले साहेब आले.”

माझं पहिलं मोठं काम डाय बदलण्याचं होतं. एका पार्टचं काम संपलं की प्रेसमधली डाय काढायची आणि दुसऱ्या पार्टची बसवायची. मी वेळ घेतला, 130 मिनिटं. तेवढा वेळ प्रेस बंद. हे काम करणारे सेटर साताऱ्याकडचे, पन्नाशीला आलेले, सगळं शॉप त्यांना मामा म्हणायचं. मी एक अख्खी शिफ्ट त्यांच्या मागे फिरलो. 130 मिनिटांतली बोल्ट सोडणं, डाय सरकवणं, नवी बसवणं, बोल्ट आवळणं यात जात होती जेमतेम 38. बाकीचा वेळ मामा शोधत होते, थांबत होते, चालत होते. क्रेन दुसऱ्या प्रेसवर अडकलेली. पाना कुणीतरी नेलेला. पॅकिंगच्या प्लेटा शॉपच्या दुसऱ्या टोकाला. प्रत्येक डायची उंची वेगळी, म्हणून दर वेळी प्रेसची सेटिंग नव्यानं आणि मग ट्रायलवर ट्रायल.

या विद्येचे गुरू शिगेओ शिंगो. टोयोटात 1969 साली एका 1000 टनी प्रेसची डाय बदलायला 4 तास लागत. जर्मनीत फोक्सवागन तसंच काम 2 तासांत करतं असं कळलं, तेव्हा शिंगोंनी सहा महिन्यांत ते दीड तासावर आणलं. मग वरून निरोप आला, 3 मिनिटांत करा, आणि तेही त्यांनी करून दाखवलं. युक्ती साधी होती. प्रेस बंद असतानाच करावी लागतात ती कामं वेगळी काढायची, आणि जी प्रेस चालू असतानाही उरकता येतात ती आधीच उरकून ठेवायची. सणाला जेवायला बसायच्या आधी पाटपाणी मांडून ठेवतात, तसंच.

आम्हीही तेच केलं. पुढची डाय ट्रॉलीवर आधीच प्रेसजवळ आणून ठेवायची. सगळ्या बोल्टांची डोकी एकाच मापाची. पाने भिंतीवर फळीला, प्रत्येक पान्याचा आकार रंगवलेला, म्हणजे नसला की लगेच दिसावा. डायखाली प्लेटा कायमच्या लावून सगळ्यांची उंची एक केली. सात महिन्यांत 130 ची 34 मिनिटं झाली. मामांना कुठेही पळावं लागलं नाही. मला कंपनीनं स्टीलचा डबा बक्षीस दिला, तो घरी अजून आहे.

वर्षभरानं चहाच्या सुट्टीत मामांना विचारलं, आता बरं वाटतं का? ते थोडं थांबून म्हणाले, “डाय लवकर बदलते हे खरंय साहेब. पण मी घरी त्याच टायमाला जातो, अन् आता चारदा वाकतो.”

मी वही काढली. डाय लवकर बदलायला लागली तशी कंपनीनं बॅच लहान केली. तीन दिवसांचा माल एकदम काढून ठेवायचा, तो आता लागेल तसा काढायचा. माल साठेना, जागा मोकळी झाली, पैसा अडकायचा थांबला आणि त्याच जोरावर नवी ऑर्डर मिळाली. हे सगळं खरंच चांगलं झालं होतं. पण शिफ्टमध्ये एकदा बदलायची डाय आता चारदा बदलत होती. चार वेळा 34, म्हणजे 136 मिनिटं. मामा आधी 130 मिनिटं डायशी झगडत होते, आता 136. डाय बदलायला लागणारा वेळ मी कमी केला होता. डाय बदलणाऱ्या माणसाच्या वाट्याला त्यातलं एक मिनिटही आलं नव्हतं.

वाचलेला वेळ जातो कुठे, हा प्रश्न त्या दिवशी माझ्यामागे लागला.

पुढे कारखाने चाकणकडे सरकले. कांद्याच्या बाजारासाठी ओळखलं जाणारं गाव बघताबघता गाड्यांचं झालं. 2009 साली ते फोक्सवागनही चाकणला आलं. त्याच सुमाराला मी एका पुरवठादार कंपनीत गेलो. भोसरीत प्रेस माणसाची वाट बघायची. इथे लाइन होती, आणि लाइन कुणाची वाट बघत नाही. 480 मिनिटांची शिफ्ट. त्यातून जेवणाची 30 आणि चहाची 20 वजा केली की उरतात 430. गिऱ्हाईकाला शिफ्टमागे 430 नग हवे असले तर दर 60 सेकंदांना एक नग बाहेर पडलाच पाहिजे. याला टॅक्ट म्हणतात. ज्या स्टेशनला 60 पेक्षा जास्त लागतात तिथे सगळी लाइन तुंबते.

आमच्या लाइनवर तुंबत होतं ते सातव्या स्टेशनला. तिथे एक ताई होत्या, लातूरकडून नवऱ्याबरोबर आलेल्या, कॉन्ट्रॅक्टवर. वायरच्या जुडग्यावर रबरी ग्रोमेट चढवायचे आणि क्लिपा दाबून बसवायच्या, हे त्यांचं काम. अंगठ्याला जोर लावल्याशिवाय ती क्लिप बसत नाही. मी तीस रीडिंग्ज घेतली. साधारण नऊ-दहा नगांमागे एक रीडिंग चारेक सेकंदांनी जास्त यायचं. आमच्या पद्धतीत अशी वेगळी पडणारी रीडिंग्ज पेन्सिलनं गोल करतात. हातातून काही पडलं, कुणी काही विचारलं, अशा कामाबाहेरच्या कारणानं वेळ गेला असेल तर ते रीडिंग हिशेबात धरायचं नाही, असा नियम आहे. मी तीनही रीडिंग्ज गोल केली, सोडून दिली आणि सरासरी काढली. त्या आकड्यावर लाइन बसवली. विश्रांतीचे टक्केही पुस्तकाप्रमाणे धरले. आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेच्या पुस्तकातल्या तक्त्यात बाईला स्वतःच्या गरजांसाठी 7 आणि मूळ थकव्यासाठी 4 टक्के दिलेले आहेत. कागद चोख होता.

तीन आठवड्यांनी मी सहज लाइनवरून जात होतो. ताईंच्या उजव्या मनगटाला क्रेप बँडेज होतं. त्या डाव्या अंगठ्यानं क्लिप दाबत होत्या आणि प्रत्येक नग पुढे जाताना पुढच्या स्टेशनचा मुलगा हात लांबवून त्यांची शेवटची क्लिप बसवून देत होता. मी जवळ गेलो तसा तो मुलगा दचकून मागे सरला.

“ताई, हाताला काय झालं?”

“काही नाही सर. आधी मध्येच हात झटकून घ्यायचे, तेवढ्यानं उतरायचं. आता झटकायला मिळत नाही.”

मी ऑफिसात जाऊन तो जुना तक्ता काढला. गोल केलेली तीन रीडिंग्ज समोर होती. त्या चार सेकंदांत हातातून काही पडलं नव्हतं, कुणी काही विचारलं नव्हतं. त्यांनी मनगट झटकलं होतं. मी शेजारी उभा होतो, डोळ्यांनी बघत होतो आणि तरी मला ते दिसलं नव्हतं, कारण माझी नजर घड्याळावर होती. शिफ्टमध्ये 43 वेळा चार सेकंद म्हणजे तीन मिनिटंही होत नाहीत. तेवढ्यावर त्या बाईचा हात चालत होता. टक्के कागदावर दिलेले होते, पण पुढचा नग अंगावर येत असताना ते घ्यायचे कधी, हे कागदात कुठेच नव्हतं.

ती चूक माझी होती. आजही मी ती दुसऱ्या कुणावर टाकणार नाही.

दुसऱ्या दिवशी पॅड न घेता गेलो आणि ताईंच्या शेजारी स्टूल टाकून पूर्ण शिफ्ट बसलो. ग्रोमेटची बिन त्यांच्या पाठीमागे, गुडघ्याच्या उंचीवर होती. दर नगाला त्या मागे वळत, वाकत, पुन्हा सरळ होत. शिफ्टमध्ये 430 वेळा. स्कॅनर डाव्या बाजूला टांगलेला, त्यासाठी हातातलं जुडगं दुसऱ्या हातात घ्यावं लागे. क्लिपा थंडीत कडक व्हायच्या. हे सगळं ताईंना पहिल्या दिवसापासून माहीत होतं. त्यांना कुणी विचारलं नव्हतं. मेंटेनन्सकडून पाइपांचा उतरता रॅक करून घेतला, बिन कोपराच्या उंचीवर समोर आणली, स्कॅनर उजवीकडे घेतला, क्लिप दाबायला हातात मावणारं एक छोटं टूल बनवलं. 66 सेकंदांचं काम 57 वर आलं. आणि या वेळी हात झटकण्याची ती चार सेकंदं मी तक्त्यात कामाचाच एक तुकडा म्हणून लिहिली, त्याला नाव दिलं आणि वेळ दिला. मीटिंगमध्ये मला विचारलं गेलं की उरलेल्या तीन सेकंदांत आणखी एक क्लिप का बसवत नाही. मी म्हटलं, ती तीन सेकंदं ताईंची आहेत. बराच वाद झाला, पण तो रॅक आणि ती सेकंदं टिकली.

मामांच्या प्रश्नाचं उत्तर मला पूर्ण सापडलंय असं मी म्हणणार नाही. वाचलेला वेळ बॅचमध्ये जातो, किमतीत जातो, कधी गिऱ्हाईकाला स्वस्त गाडी मिळते त्यात जातो. लाइनवर आम्ही तीन-तीन सेकंदांसाठी झगडतो आणि सुटल्यावर कंपनीची बस तळेगाव चौकात पाऊण तास उभी असते, त्यात आमच्या सगळ्यांच्या सेकंदांचं पाणी होतं. वेळ आपोआप माणसाकडे परत येत नाही, एवढं मात्र मला कळलं आहे. तो कुणीतरी आणून द्यावा लागतो.

तसा तो आणून देणारा माणूस आपल्याकडे होऊन गेला. नारायण मेघाजी लोखंडे, मूळ गाव आमच्याच पुणे जिल्ह्यातलं कन्हेरसर. जोतीराव फुल्यांच्या सत्यशोधक चळवळीतले, ‘दीनबंधु’चे संपादक. 1884 साली त्यांनी मुंबईच्या गिरणी कामगारांना एकत्र केलं आणि मागण्या मांडल्या: रविवारी सुट्टी, दुपारी अर्धा तास विश्रांती, काम सकाळी साडेसहा ते सूर्यास्त. सहा वर्षं झगडून, 10 जून 1890 ला रविवारची सुट्टी मिळाली. पुढे 1948 च्या कारखाने कायद्यानं सलग पाच तासांपेक्षा जास्त काम नको, मध्ये किमान अर्धा तास विश्रांती हवी, असं लिहूनच टाकलं. टॅक्टचं गणित मांडताना 480 मधून मी सगळ्यात आधी जे 30 वजा करतो, ते लोखंड्यांनी मागितलेले 30 आहेत. आमच्या घरी गुरुवारी येणारा रविवारही त्यांचाच.

वडील आता ऐंशीच्या पुढे आहेत. रिटायर होऊन कितीतरी वर्षं झाली तरी पावणेपाचला उठून बसतात आणि गुरुवारी मात्र उशिरापर्यंत झोपतात. कारखान्यानं लावलेलं घड्याळ शरीरात राहतं, हे मी माझ्याच घरात रोज बघतो.

आता माझ्या हाताखाली ट्रेनी असतात. स्टॉपवॉच मागे पडलं, मोबाइलवर व्हिडिओ काढतात आणि संगणक तुकडे पाडून देतो. त्यांना कॅमेरा देण्याआधी मी एक शिफ्ट स्टेशनवर उभं करतो, ऑपरेटरच्या जागी, हातात काम घेऊन. संध्याकाळी ते खांदे दाबत येतात, मग आम्ही आकडे काढायला बसतो.

गेल्याच महिन्यात एक मुलगा तक्ता घेऊन आला. आठवं रीडिंग वेगळं पडत होतं, बाकी सगळी एका रांगेत. त्यानं पेन्सिल उचललेली.

“सर, हे गोल करून सोडून देऊ?”

मी त्याला पेन्सिल खाली ठेवायला सांगितलं आणि आम्ही दोघं लाइनवर गेलो, त्या वेळी तिथे काय झालं होतं ते विचारायला.